छोट्या माणसाची अब्रू

घरमालक, पाद्री, गरीब नातेवाईक अशी माणसे बहुतेक चित्रपटांत असतात. दोन-चार प्रसंगांपुरती येतात, कथानकाचे काम उरकतात आणि जातात. लिओपोल्दो त्रिएस्ते या इटालियन चरित्र अभिनेत्याने अशाच भूमिका अनेक वर्षे केल्या. तरी त्याची माणसे लक्षात राहतात. याचे कारण शोधण्यासारखे आहे.

१९१७ साली रेज्जो कालाब्रियात जन्मलेला त्रिएस्ते मूळचा नाटककार. फेडेरिको फेलिनीने 'द व्हाईट शेख' (१९५२) मध्ये त्याला नवरदेव इव्हानची भूमिका दिली. इव्हान मधुचंद्रासाठी रोमला येतो आणि नवी नवरी सचित्र प्रेमकथांतल्या नायकाला भेटायला परस्पर निघून जाते. नातेवाईकांना इव्हान हसत हसत सांगतो, तिची तब्येत बरी नाही. डोळे मात्र भीतीने विस्फारलेले. आपल्याला हसू येते. रात्री तोच माणूस चौकात बसून रडू लागतो, तेव्हा कळते की बायकोच्या काळजीइतकीच चार माणसांत तोंड कसे दाखवावे ही धास्ती त्याला पोखरते आहे.

ही धास्ती त्रिएस्तेच्या अभिनयाचा गाभा आहे. फेलिनीच्याच 'इ वितेल्लोनी' (१९५३) मध्ये तो हौशी नाटककार झाला. नामवंत वृद्ध नटाला आपले नाटक आवडले या आनंदात असताना, त्या नटाला नाटकाशी कर्तव्य नाही हे त्याला कळते. स्वतःच्याच पेशाची ही थट्टा त्याने निर्विष मनाने केली.

पिएत्रो जेर्मीच्या 'सिड्यूस्ड अँड अबॅन्डन्ड' (१९६४) मध्ये प्रश्न अधिक बोचरा होतो. सिसिलीतला एक बाप खानदानाची इज्जत वाचवण्यासाठी आकाशपाताळ एक करतो. ज्या मुलीवर अन्याय झाला, तिचे मात्र कोणी ऐकत नाही. या खटाटोपात मोठ्या मुलीसाठी एक कंगाल, दात पडलेला सरदार नवरा म्हणून पकडून आणला जातो. त्रिएस्तेचा हा सरदार हास्यास्पद आहे. पण इज्जतीच्या बाजारात माणूस किती स्वस्त होतो, हे त्याच्याकडे पाहून कळते.

'गॉडफादर'च्या दुसऱ्या भागात (१९७४) तो विधवेला घराबाहेर काढणारा घरमालक आहे. आधी गुर्मी, मग समोरचा माणूस कोण हे कळताच भाडे उतरत जाते आणि घाबरलेल्या या गृहस्थाला साधे दारही उघडता येत नाही. 'सिनेमा पारादिसो' (१९८८) मधला त्याचा पाद्री पडद्यावर चुंबन दिसले की घंटा वाजवतो. त्याला खलनायक करणे सोपे होते. त्रिएस्ते त्याला गावाच्या नीतीचा भार मनापासून वाहणारा माणूस करतो.

दिग्दर्शकांनी त्याच्याकडून पुष्कळदा तोच भेदरलेला चेहरा मागितला, ही मर्यादा खरी. पण आपली भूमिका छोटी आहे हे त्याच्या पात्रांना ठाऊक नसते. २००३ साली त्रिएस्ते गेला. दार उघडण्यासाठी धडपडणारा त्याचा तो घरमालक आजही हसवतो, आणि हसता हसता त्याची कीवही येते.