आईच्या भूमिका, लेकीची पटकथा

नट-नटीच्या पोटी जन्मलेल्या मुलानं कॅमेऱ्यासमोरच यावं, असं आपण गृहीत धरतो. रमेश-सीमा देव यांचा अजिंक्य आला, लक्ष्मीकांत-प्रिया बेर्डे यांचा अभिनय आला. आडनावामुळे पहिला चित्रपट मिळतो आणि निदान पहिल्या खेळाला गर्दीही होते. पटकथेच्या कागदावर मात्र आडनाव काही कामाचं नसतं. प्रसंग उभा राहतो किंवा पडतो, एवढंच. रीमा आणि विवेक लागू यांच्या कन्या मृण्मयी लागू-वायकुळ यांनी ही दुसरी वाट धरली. आजी मंदाकिनी भडभडे याही रंगभूमीवरच्या अभिनेत्री. मृण्मयी यांनी अभिनय करून पाहिला, सहायक दिग्दर्शक म्हणून काम केलं आणि मग त्या लेखनात स्थिरावल्या.

त्यांचं नाव झालं ते ‘थप्पड’मुळे (2020). अनुभव सिन्हा यांच्यासोबत लिहिलेल्या या चित्रपटाला उत्कृष्ट कथेचं फिल्मफेअर मिळालं. नवऱ्यानं भर पार्टीत एक थप्पड मारली, म्हणून बायको घटस्फोट मागते, एवढीच गोष्ट. पण लेखनातलं कसब त्या थपडेच्या आधी दिसतं. रोज सकाळी ही बायको, अमृता, दूध आत घेते, चहा करते, नवऱ्याला उठवते. ही दिनचर्या इतक्यांदा दाखवली आहे की ती विस्कटते, तेव्हा काय मोडलं हे संवादाविना कळतं.

रीमाताई ‘मैंने प्यार किया’, ‘हम आपके हैं कौन’पासून ‘वास्तव’पर्यंत हिंदी पडद्याच्या आई होत्या. सोसणाऱ्या, सांभाळून घेणाऱ्या. ‘थप्पड’मधल्या आया त्या सोसण्याचाच हिशेब मागतात. संसारासाठी गाणं सोडलेली अमृताची आई आणि सुनेच्या बाजूनं उभी राहिले नाही, हे उशिरा कबूल करणारी सासू, ही चित्रपटातली सर्वांत जिवंत माणसं आहेत. योग असा की या भूमिका रत्ना पाठक-शाह आणि तन्वी आझमी यांनी केल्या. एक दीना पाठक यांची मुलगी, दुसरी उषा किरण यांची.

दोषही आहेत. मोलकरीण, वकील, शेजारीण, प्रत्येकीचा संसार मूळ मुद्द्याचा पुरावा म्हणून मांडल्यासारखा वाटतो. विजय तेंडुलकरांनी ‘उंबरठा’त (1982) घर सोडणारी सुलभा लिहिली, तेव्हा तिचं बरोबर की चूक हे प्रेक्षकावर सोडलं होतं. ‘थप्पड’ तेवढा धीर धरत नाही.

‘स्कूप’मध्ये (2023) हा दोष बराच कमी झाला. पत्रकार जिग्ना व्होरा यांच्या तुरुंगातल्या आठवणींवर आधारलेली ही सहा भागांची मालिका मृण्मयी यांनी हंसल मेहता यांच्यासोबत घडवली. तिच्यातली पत्रकार जागृती महत्त्वाकांक्षी आहे, प्रसंगी निष्ठुरही. निर्दोष बाईला गोड बनवायचा मोह इथे टाळला आहे, आणि म्हणूनच तिच्यावरचा अन्याय झोंबतो. बुसानच्या महोत्सवात ही मालिका आशियातली सर्वोत्तम ठरली.

ही दोन्ही कामं हिंदीत झाली, आणि इथेच मराठीचं दुखणं आहे. मराठी निर्माता नटाच्या तारखा आधी घेतो, पटकथेला वेळ आणि पैसा उरला तर देतो. प्रेक्षक कमी पडतो म्हणावं, तर तसंही नाही. नांदेड-हिंगोली रस्ता नागपूर-तुळजापूर महामार्गाला मिळतो त्या वारंगा फाट्यावर गाडीची वाट पाहणाऱ्याच्या हातातल्या मोबाइलवरही आज ‘स्कूप’ लागू शकते. त्याला चांगली गोष्ट हवी आहे. ती कुठल्या भाषेतून येते याची त्याला फिकीर नाही.

मराठी निर्मात्यांनी लेखकाला नटाइतकंच आधी बोलवावं आणि त्याचं नाव पोस्टरवर ठळक छापावं. आणि आपणही मालिका सुरू होताना नामावलीवरून बोट पुढे सरकवू नये. गोष्ट कुणी लिहिली, हे तिथेच लिहिलेलं असतं.