वारसा फेरी कुठे वळत नाही?

मागच्या रविवारी आम्ही काही जण सोलापुरातली एक वारसा फेरी करून आलो. भुईकोट किल्ला, सिद्धेश्वर तलाव, इंद्रभुवन. वाटाड्या तयारीचा होता, बोलायचाही छान. पण तीन तासांत कोणती वास्तू कुणी बांधली एवढंच कळलं. हे शहर कुणाच्या हातांनी उभं राहिलं, ते राहूनच गेलं.

१८७७ साली इथे जुनी मिल निघाली. तेलुगू बोलणाऱ्या पद्मशाली विणकरांनी पूर्व भाग वसवला, चादरीनं गावाचं नाव केलं. फेरी तिकडे वळलीच नाही.

चार हुतात्म्यांच्या पुतळ्यांपाशी थांबलो. धनशेट्टी, कुर्बान हुसेन, सारडा, शिंदे. १२ जानेवारी १९३१, येरवड्यात फाशी. नावं आणि तारीख ऐकली, फोटो काढले, निघालो. १९३० च्या मे महिन्यात सरकारला इथे मार्शल लॉ का पुकारावा लागला, हे गिरणगाव वगळून कसं समजणार हो?

कुणी म्हणेल, एका सकाळीत किती दाखवायचं? मान्य. पण फेरी या गावाला नवी नाही. संक्रांतीच्या यात्रेत नंदीध्वज ६८ लिंगांची प्रदक्षिणा करतात. तिथे चालणारा प्रेक्षक नसतो, गावच चालत असतं.

म्हणून आमचं मागणं साधं आहे. किल्ल्यातला अर्धा तास कमी करा, मागाच्या खडखडाटात उभं राहा आणि तिथे विणकराला बोलू द्या.