सिमोन सिन्योरे : वार्धक्याची साक्ष

रूप ओसरले की नटीची सद्दी संपली, असा चित्रपटसृष्टीचा रूढ न्याय आहे. त्याविरुद्ध भक्कम पुरावा म्हणून एखादी कारकीर्द मांडावयाची झाल्यास ती फ्रेंच अभिनेत्री सिमोन सिन्योरे (१९२१–१९८५) हिची होय.

तिची आरंभीची कीर्ती रूपाची होती, हे आम्ही नाकारीत नाही. ‘कास्क दॉर’ (१९५२) मधील तिची सोनेरी केसांची मारी पडद्यावर आली की नजर अन्यत्र वळत नाही. परंतु अखेरीस प्रियकराचा शिरच्छेद खिडकीतून पाहताना ती हंबरडा फोडीत नाही. तो संयमच तिचे खरे भांडवल होते. ‘रूम ॲट द टॉप’ या इंग्रजी चित्रपटातील वंचित प्रेयसीच्या भूमिकेबद्दल १९६० साली तिला ऑस्कर पारितोषिक लाभले, तेही या भांडवलाच्या बळावर.

पुढे तिचे शरीर सुटले, चेहरा अकाली थकला. तिने तो झाकला नाही. १९६९ सालच्या ‘लार्मे दे झोंब्र’मध्ये लेकीचे छायाचित्र जवळ बाळगल्यामुळे जर्मनांच्या कचाट्यात सापडलेली क्रांतिकारक स्त्री स्वतःच्याच साथीदारांच्या गोळ्यांस सामोरी जाते. त्या क्षणीच्या तिच्या एका दृष्टिक्षेपात भय आहे, ओळख आहे, आणि कदाचित संमतीही.

तिची मर्यादाही सांगितली पाहिजे. १९६६ साली लंडनच्या रंगभूमीवर तिने लेडी मॅकबेथ केली. टीकाकारांनी ती उचलून धरली नाही. परभाषेतील पद्याचा भार वाहणे हे तिचे क्षेत्र नव्हते. तिचे सामर्थ्य मौनात होते. म्हणूनच ‘मादाम ल ज्यूज’ (१९७८) या दूरचित्रवाणी मालिकेतील तपासाधिकारी न्यायाधीशाची भूमिका तिला शोभली. कोर्टात आयुष्य घालविणाऱ्या आम्हांस ठाऊक आहे की, प्रश्न विचारण्यापेक्षा उत्तर ऐकून घेणे कठीण.

तथापि तिची सर्वश्रेष्ठ भूमिका आमच्या मते ‘मादाम रोझा’ (१९७७) हीच. ऑशविट्झच्या छळछावणीतून वाचलेली ही वृद्ध ज्यू स्त्री एकेकाळची वेश्या. आता ती वेश्यांची मुले सांभाळते, आणि त्यांतील मोमो या मुसलमान पोराला त्याच्याच धर्मात वाढविते. परक्याचे मूल पोटच्यासारखे वाढविणाऱ्या यशोदेची थोरवी आमच्या वाचकांस सांगावयास नको. येथे त्या मायेत दुसऱ्याच्या श्रद्धेची राखणही आहे. सिमोनचे वडील ज्यू होते. जर्मन अंमलात काम मिळविण्यासाठी तिला त्यांचे कामिन्कर हे आडनाव टाकून आईचे आडनाव लावावे लागले होते. तारुण्यात जे लपवावे लागले, तेच छप्पन्नाव्या वर्षी तिने सुजलेल्या पायांनी जिने चढणाऱ्या रोझाच्या रूपाने जगापुढे उघडपणे मांडले.

रूप ही काळाकडून मिळालेली उसनवारी असते. बहुतेक नटी ती परत करताना कुरकुर करतात. सिमोनने ती बिनतक्रार फेडली, आणि त्यानंतर जे उरले त्यावरच आपली कला उभी केली.