गाभ्रीचा पाऊस : पाळतीवरचा माणूस

आज सतीश मनवर या दिग्दर्शकाबद्दल बोलायचंय, आणि ते यवतमाळात बोलायचंय, म्हणून जरा जपूनच बोलतो. ‘गाभ्रीचा’ म्हणजे काय, हे इथं कुणाला सांगावं लागत नाही. पुण्या-मुंबईत सांगावं लागतं. पावसाला दिलेली ही वऱ्हाडी शिवी. सिनेमाचं नावच शिवी आहे, त्यामुळे रडगाणं ऐकायला आलेला माणूस दारातच थबकतो.

‘गाभ्रीचा पाऊस’ २००९ चा. साहेबराव करपे कुटुंबाची घटना १९८६ ची. कुटुंबही आपल्याच जिल्ह्यातल्या चिलगव्हाणचं. म्हणजे मधे तेवीस वर्षं गेली. तोवर शेतकऱ्याची आत्महत्या ही बातमी, आकडा आणि पॅकेज होऊन बसली होती. मनवरांनी काय केलं? आत्महत्या शेजारच्या घरात घडवली आणि कॅमेरा किस्नाच्या घरात लावला. बायको अलकाला भीती, आपलाही नवरा असंच करील. मग ती त्याला गोडधोड खाऊ घालते, पोराला त्याच्या मागावर धाडते. प्रेमाचीच पाळत होते. आपण हसतो. गिरीश कुलकर्णी आणि सोनाली कुलकर्णी हे हसू कुठंही स्वस्त होऊ देत नाहीत.

पण थोड्या वेळानं लक्षात येतं, की पाळतीवर आपणही बसलोय. हा मरतो की काय, याचीच वाट बघतोय. किस्नाला मात्र पेरायचंय! बी, कर्ज, दुबार पेरणी हीच त्याची चिंता. आपल्याकडे मेल्यावरही माणूस मदतीसाठी ‘पात्र’ की ‘अपात्र’ ठरतो. जिवंतपणी त्याला शेतकरी म्हणून कोण बघतं? या सिनेमाचा खरा प्रश्न हा आहे. पुढच्याच वर्षी आलेला ‘पीपली लाइव्ह’ चॅनेलवाल्यांवर हसतो. तिथं आपण सुटतो, इथं सुटत नाही.

‘तुह्या धर्म कोंचा?’ला सामाजिक विषयावरच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आदिवासी आणि धर्मांतर हा विषय मोठा, धाडसाचा. तरी मला वाटतं, तिथं प्रश्न आधी येतो आणि माणसं मागून. ‘गाभ्रीचा पाऊस’मध्ये माणूस आधी येतो. म्हणून तो आजही, पाऊस लांबला की, आठवतो.