भिकाऱ्याचा उंबरठा

होर्हे लुईस बोर्हेस (१८९९-१९८६) या अर्जेंटिनी लेखकाची 'त्लोन, उक्बार, ऑर्बिस टर्शियस' ही कथा १९४० साली ब्यूनोस आयरिसच्या 'सूर' या नियतकालिकात प्रथम प्रसिद्ध झाली. पुढे १९४४ साली ती 'फिक्सिओनेस' या संग्रहात आली. तिला कथा म्हणावे तर तीत ना नायक आहे ना नायिका. एका काल्पनिक जगाचा ज्ञानकोश आणि त्या जगातील माणसांचे तत्त्वज्ञान, एवढाच तिचा विषय. सुरुवातीची पाने संदर्भांनी इतकी लादलेली आहेत, की धीर नसलेला वाचक तेथूनच परततो. अशा कथेला 'बुद्धीचा खेळ' म्हणून बाजूला सारणे सोपे आहे. प्रस्तुत लेखकाला मात्र ते अन्यायाचे वाटते. या कथेत श्रद्धावंताने गंभीरपणे विचारावा असा एक प्रश्न दडलेला आहे : कुणीच पाहत नसेल, तर वस्तू आणि माणूस उरतात काय?

त्लोन या जगातील लोकांच्या मते बाह्य वस्तू अशी काही नाहीच. आहेत त्या केवळ एकामागून एक येणाऱ्या जाणिवा. त्यांची भाषाही याच विचाराला अनुसरते. दक्षिण गोलार्धातील भाषांत नामे नाहीत. चंद्राला शब्द नाही; चंद्राचे दिसणे सांगणारे क्रियापद तेवढे आहे. मराठी वाचकाला हे फार परके वाटू नये. 'उजाडले', 'सांजावले' असे आपण म्हणतो तेव्हा कोण उजाडले, हे विचारीत नाही. आपले व्याकरण अशा क्रियापदांना भावकर्तृक म्हणते. मात्र आपण 'सूर्य' हे नामही जपून ठेवले आहे. त्लोनवासीयांनी ते टाकून दिले, आणि तेथेच त्यांचा व आपला मार्ग वेगळा झाला.

त्या जगातील एका पाखंडी विचारवंताने नऊ नाण्यांचे कोडे घातले. मंगळवारी एका माणसाची तांब्याची नऊ नाणी निर्जन रस्त्यावर हरवतात. गुरुवारी दुसऱ्याला त्यांतील चार सापडतात; बुधवारच्या पावसाने ती किंचित गंजलेली असतात. शुक्रवारी तिसऱ्याला तीन मिळतात आणि उरलेली दोन मूळ मालकाला स्वतःच्याच घरात आढळतात. मधल्या काळात, कुणी पाहत नसतानाही, ती नाणी कुठेतरी होतीच, असे हा पाखंडी म्हणतो. आपल्याकडे पोरालाही पटेल अशी ही गोष्ट त्लोनमध्ये धर्मद्रोह ठरते! सनातनी पंडित म्हणतात, 'हरवणे' आणि 'सापडणे' हे शब्दच फसवे आहेत. बोर्हेसचा मिस्कीलपणा येथे ऐन बहरात आहे.

हा विचार बोर्हेसने हवेतून काढलेला नाही. आयर्लंडमधील अँग्लिकन बिशप जॉर्ज बर्कली याने १७१० साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात असेच प्रतिपादन केले होते : वस्तूचे असणे म्हणजे तिचे जाणले जाणे. आपल्याकडेही बौद्ध विज्ञानवाद्यांनी बाह्य वस्तू नाकारली आणि शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्रभाष्यात त्या मताचे खंडन केले. परंतु बर्कलीच्या विचारात एक भक्कम आधार होता. माणसाने डोळे मिटले तरी जग नाहीसे होत नाही, कारण परमेश्वर ते अखंड जाणत असतो. त्लोनमध्ये हा आधार कुठे गेला?

उत्तर कथेच्या ताजा कलमात आहे. त्लोन ही एका गुप्त मंडळाची रचना होती आणि तिला द्रव्य पुरविले एझ्रा बकली या अमेरिकन धनिकाने. त्याची अट एकच : या कार्यात येशू ख्रिस्ताशी कसलाही संबंध असू नये. देवावर विश्वास नसलेल्या या माणसाला, मर्त्य मानवही जग निर्माण करू शकतो, हे त्या देवालाच दाखवून द्यायचे होते. माझ्या मते साऱ्या कथेची किल्ली या अटीत आहे. त्लोनमध्ये देवतांची प्रतीके आहेत. नाण्यांचे कोडे सोडविण्यासाठी त्यांच्या एका विचारवंताला, सारे जीव म्हणजे एकच ज्ञाता, असेही मानावे लागले. पण हा ज्ञाता म्हणजे पुन्हा आपणच. आपल्याहून वेगळा, आपल्यावर प्रीती करणारा निर्माता तेथे नाही.

त्याची किंमत बोर्हेस एका वाक्यात सांगून जातो. एक उंबरठा होता. एक भिकारी तेथे येत असे, तोवर तो टिकला, आणि भिकारी मरण पावताच दिसेनासा झाला. बुद्धीच्या या थंड प्रासादात माणुसकीची ऊब असलेली हीच एक जागा. मात्र बोर्हेसची मर्यादाही येथेच दिसते. उंबरठ्याचे काय झाले हे तो सांगतो. भिकाऱ्याला कोण पाहत होते, हे तो विचारीत नाही.

कथेच्या अखेरीस त्लोन आपल्या जगावर मात करू लागते. माणसे शरण जातात, कारण तेथे सुबक व्यवस्था आहे आणि ती माणसाच्या आवाक्यातली आहे. नाझीवादासारख्या विचारसरणीही अशाच वरवरच्या सुसंगतीने लोकांना भुलवीत होत्या, हे बोर्हेस बजावतो. १९४० साली हे लिहिणे हा निव्वळ खेळ नव्हता. आज पडद्यावर जे दिसते तेच खरे मानणाऱ्या आपल्या घरांनाही तो इशारा लागू पडतो.

संत थॉमस अक्वायनस सांगतात की आपले ज्ञान इंद्रियांपासून सुरू होते. पण वस्तू आधी, आपले जाणणे नंतर. प्रेषित थोमाने जखमा पाहण्यापूर्वीच प्रभू उठला होता. थोमाच्या पाहण्याने पुनरुत्थान घडले नाही. १९५५ साली बोर्हेस अर्जेंटिनाच्या राष्ट्रीय ग्रंथालयाचा संचालक झाला, तेव्हा त्याला वाचता येईल एवढी दृष्टी उरली नव्हती. ग्रंथ दिसत नव्हते. पण ते फळ्यांवर होते.

आपल्या धर्मग्रामातही अंथरुणाला खिळलेली, रविवारच्या मिस्साला न दिसणारी माणसे असतात. आपण त्यांना विसरलो म्हणून ती नाहीशी होत नाहीत. पित्याची नजर त्यांच्यावर आहे. परंतु त्या नजरेचा आधार घेऊन आपण आपले पाहणे टाळू नये. त्यांच्या उंबरठ्यावर कुणीतरी जायला हवे.