'मंथन'चे पुनरुज्जीवन : मूळ प्रत कोणती?

साहित्यकृतीच्या अभ्यासात पाठचिकित्सा ही पहिली पायरी मानली जाते. चित्रपटाच्या बाबतीत मात्र आपल्यासमोरचा पाठ कोणता, हा प्रश्न क्वचितच विचारला जातो. श्याम बेनेगल यांच्या 'मंथन' (१९७६) या चित्रपटाच्या आधारे त्याचा विचार करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. यातील बिंदू साकारणाऱ्या स्मिता पाटील यांचे घराणे शिरपूरचे (जि. धुळे), त्यामुळे खानदेशातील वाचकास हा विषय परका नाही.

गुजरातमधील पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन उभारलेला हा चित्रपट फिल्म हेरिटेज फाउंडेशनने पुनरुज्जीवित केला व २०२४ मध्ये तो कान महोत्सवात दाखविला गेला. दृश्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयातील मूळ निगेटिव्हवरून घेण्यात आली. ध्वनी मात्र चित्रपटगृहासाठी काढलेल्या ३५ मि.मी. प्रिंटवरून. वनराज भाटिया यांचे संगीत व प्रीती सागर यांचे गीत आज ऐकू येते ते या प्रिंटमुळे. खेळ संपले की जिची किंमत भंगाराइतकी उरते, तीच येथे प्रमाण ठरली.

अमेरिकेत १९७७ च्या 'स्टार वॉर्स'मध्ये दिग्दर्शक जॉर्ज लुकास यांनी १९९७ मध्ये बदल केले, तेव्हा चाहत्यांनी जुन्या प्रिंट मिळवून प्रथम प्रदर्शित झालेले रूप स्वतःच पुन्हा सिद्ध केले. प्रेक्षकांनी पाहिलेला चित्रपट हाच मूळ, अशी त्यांची भूमिका आहे. ती आकर्षक असली तरी पूर्णतः स्वीकारता येत नाही. प्रिंटवर ओरखडे पडतात, रंग उडतात. एकाच चित्रपटाच्या दोन प्रिंटही सारख्या नसतात. 'मंथन'च्या कामात बेनेगल व छायालेखक गोविंद निहलानी सहभागी होते. परंतु अठ्ठेचाळीस वर्षांनंतरची स्मृती हाही निर्विवाद पुरावा नव्हे.

म्हणून एकच 'मूळ' शोधण्यापेक्षा, कोणता भाग कोठून घेतला व काय बदलले, याची नोंद संपादित ग्रंथातील पाठभेदांप्रमाणे प्रत्येक पुनरुज्जीवित प्रतीसोबत असणे आवश्यक आहे. डिजिटल प्रक्षेपणानंतर प्रिंट निरुपयोगी ठरल्या. जळगाव-धुळ्यातील जुन्या टॉकीजच्या व फिरत्या तंबूंच्या अडगळीत एखादे रीळ उरले असल्यास ते भंगारात जाण्यापूर्वी त्याची नोंद करणे, हे महाविद्यालयीन विभागांच्या आवाक्यातील संशोधनकार्य होय. पाठच नष्ट झाल्यास समीक्षेला आधार राहत नाही.