पाले की दाभोळ? पालाइपत्माईचा माग

भोरहून वरंधा घाट उतरून महाडला गेले की जवळच गांधारपाल्याची बौद्ध लेणी लागतात. हेच ग्रीकांचे ‘पालाइपत्माई’, असे मी भोर-वेल्ह्यातील शाळांतून अनेक वर्षे सांगत आलो. आता त्या विधानातला ‘च’ मागे घेतो.

इसवी सनाच्या पहिल्या शतकातील ‘पेरिप्लस’ या ग्रीक प्रवासवर्णनात सेमुल्ला, म्हणजे चौल, यानंतर दक्षिणेकडील पेठांची नावे ओळीने येतात: मंदागोरा, पालाइपत्माई, मेलिझेइगारा, बायझँटियन. अंतरे नाहीत, नद्या नाहीत, मालाची यादीही नाही. 1883 च्या कुलाबा गॅझेटियरने पाले सुचवले. 1912 मध्ये शॉफने मंदागोरा बाणकोटला आणि पालाइपत्माई दाभोळला ठेवले.

शॉफची भिस्त क्रमावर आहे. पण दुसऱ्या शतकातला टॉलेमी ‘बाल्टिपत्न’ हे नाव मंदागाराच्या आधी देतो, पेरिप्लस नंतर. दोन्ही नावे एकाच गावाची मानली, तर क्रमाचा आधार तिथेच डळमळतो. पाल्याची भिस्त नामसाम्यावर आहे. ‘पत्न’ म्हणजे पट्टण हे मान्य केले, तर हाती उरतो तो फक्त ‘पाल’. तसे पाल तर वेल्ह्यात राजगडाच्या पायथ्याशीही आहे!

पाल्याच्या बाजूने सबळ गोष्टी आहेत: सावित्रीचे खोरे, घाटवाटा, लेणी आणि कुमार काणभोज विष्णुपालिताचा शिलालेख. त्यांतून तिथली समृद्धी सिद्ध होते, गावाचे ग्रीक नाव नव्हे. तगर म्हणजे तेर, हे फ्लीटने 1901 मध्ये मांडले. तिथे पैठणपासूनचे दहा दिवसांचे अंतर पेरिप्लसनेच दिले आहे, शिलाहारांच्या बिरुदात ‘तगरपुर’ आहे आणि उत्खननातील वस्तूही आहेत. पाल्यापाशी असा तिहेरी आधार नाही.

शिवाय कल्याणला चुकून आलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात भडोचला नेली जात, असे पेरिप्लसच सांगतो. मग त्याखालच्या पेठांची नावे लेखकाने खलाशांच्या तोंडून ऐकली असावीत, असे मला वाटते. ऐकीव नावाच्या एकेका अक्षरावर गाव उभे करणे धोक्याचे आहे.

निर्णय सावित्रीकाठच्या उत्खननातूनच होईल. तोवर लेण्यांना ग्रीक दाखल्याची गरज नाही. पुढच्या वेळी शाळेत नकाशा काढताना मी पाल्यापुढे प्रश्नचिन्ह घालणार आहे, आणि ते का घातले हेही मुलांना सांगणार आहे.